अण्णांना दाखवलेलं शीआन

“काचेला तूप चोळलंय की काय कुणी,” अण्णा स्वतःशीच पुटपुटले. “एवढा मोठा टीव्ही घ्यायचा आणि पुसायचा मात्र नाही. जर्मनीत फडकी मिळत नाहीत वाटतं.”

मी चहाचा कप घेऊन त्यांच्या खुर्चीच्या अगदी मागे उभी होते म्हणून कानावर आलं. एरवी ते माझ्यासाठी नव्हतंच. टीव्ही मी उठल्या उठल्या पुसला होता. काल संध्याकाळीही पुसला होता. तरी कप त्यांच्या बोटांना लागेल असा ठेवला, स्वयंपाकघरातून फडकं आणलं आणि या टोकापासून त्या टोकापर्यंत पुन्हा पुसला.

“आता?”

“आता कसं लख्ख झालं!” अण्णा म्हणाले.

अण्णा म्हणजे माझे सासरे, दत्तात्रय. साताऱ्याच्या शाळेत जन्मभर इतिहास शिकवला. सासूबाई गेल्यापासून दर उन्हाळ्यात ते आमच्याकडे बॉबलिंगेनला येतात. तीन महिन्यांपेक्षा जास्त व्हिसा मिळत नाही, म्हणून मग साताऱ्यातल्या तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये एकटे राहायला परत जातात. या खेपेचं परतीचं विमान येत्या गुरुवारी होतं.

या मुक्कामात आमच्या घरात पुसापुशी फार झाली. अण्णा म्हणाले, इथल्या उजेडात पेपरची अक्षरं फिकी दिसतात. शिरीषने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, दिवे आणले. आधी एक, मग दुसरा, मग खुर्चीवर वाकलेला तो लांब मानेचा. आमची बैठकीची खोली दिव्यांच्या दुकानासारखी झाली. अण्णा म्हणाले, चष्म्याच्या काचा घासल्या गेल्यात. मी चष्मा रोज साबणाने धुवायला लागले. आणि निधी, आमची सोळा वर्षांची लेक, जिला मी बूट वाटेत काढू नकोस हे ती बालवाडीत असल्यापासून सांगत आले, ती कुणी न सांगता बूट कपाटात ठेवायला लागली. खरं म्हणजे तेव्हाच मला भीती वाटायला हवी होती. वाटलीही. पण मी मनाला म्हटलं, बरं झालं, वळण लागलं.

त्याचं असं आहे, सासूबाईंच्या तेराव्याला शिरीष सगळ्या नातेवाइकांसमोर बोलून बसला होता, “अण्णा, ज्या दिवशी तुम्हाला एकट्यानं जमेनासं होईल, त्या दिवशी मी नोकरी सोडून साताऱ्याला येणार.” शिरीष दिलेला शब्द पाळतो. लग्नाआधी मला हा त्याचा गुण वाटला होता. आता इथे त्याची गेर्लिंगेनची नोकरी, निधीची शाळेची शेवटची वर्षं, आणि माझं किटामधलं, म्हणजे इथल्या बालवाडीच्या स्वयंपाकघरातलं काम. ते याच वर्षी उनबेफ्रिस्टेट झालं होतं, म्हणजे कायमचं. त्या कागदावर सही केली त्या दिवशी मी एकटीने बेकरीत बसून केक खाल्ला होता.

म्हणून अण्णा सांगत नव्हते. म्हणून शिरीष विचारत नव्हता. आणि मी पुसत होते.

तर ही सहल. अण्णांच्या ऐंशीव्या वाढदिवसाची निधीची भेट. चीनमधल्या शीआन शहराची एका दिवसाची खासगी सहल, गाइडसकट. आपण घरी टीव्हीसमोर बसायचं, आणि गाइड तिकडे फोन हातात धरून फक्त आपल्यासाठी शहरभर हिंडणार. आपण म्हणू तिथे वळणार, म्हणू तिथे थांबणार. शीआनच का, तर अण्णांचा ह्युएन त्संग तिथला. तो याच शहरातून निघाला, हिंदुस्थान पालथा घातला, आपल्या महाराष्ट्रातही येऊन गेला आणि पोथ्या घेऊन परत तिथेच गेला. अण्णांचा हा धडा इतका गाजलेला की साताऱ्यात पोरं त्यांना पाठीमागे ‘त्संग सर’ म्हणायची. अण्णांना ते ठाऊक होतं आणि आवडायचंही.

फक्त एक घोटाळा झाला होता. निधीने सहल जर्मनमधून घेतली होती. इंग्रजीतून मिळत होती. अण्णांना इंग्रजी उत्तम येतं. जर्मनचे त्यांना ‘गुटन मॉर्गन’ आणि ‘डांके’ एवढेच शब्द येतात, आणि तेवढ्यावर त्यांनी आमच्या अख्ख्या इमारतीशी मैत्री केली आहे. पण आता पडद्यावरची बाई जर्मन बोलणार, आणि मराठीत सांगायचं काम माझ्याकडे. शिरीषचं जर्मन माझ्यापेक्षा चांगलं आहे, पण ते सगळं मीटिंगमधलं. माझं मी दुकानाच्या जाहिराती वाचून आणि किटातल्या पोरांकडून शिकले. त्यामुळे मला ‘नाक पूस’ आणि ‘ढकलू नकोस’ फार छान येतं.

पडदा उजळला आणि गाइड हसत समोर आली. फ्राउ लिऊ. चाळिशीची, डोक्यावर उन्हाची टोपी. तिचं शिक्षण ट्युबिंगेनला झालेलं, त्यामुळे प्रत्येक वाक्याच्या शेवटी आमच्या इकडच्या लोकांसारखं ‘गेल्?’, म्हणजे ‘हो ना?’, लावायची. चीनमधली बाई आणि बोलते आमच्या खालच्या मजल्यावरच्या आजीसारखी! मला एकदम घरचंच वाटलं.

“आजोबांना सगळ्यात आधी काय बघायचंय?” तिने विचारलं.

मी विचारलं. अण्णा खुर्चीत ताठ झाले. “सांग तिला, ह्युएन त्संग.”

“ह्युएन त्संग,” मी सांगितलं.

“कोण?”

“ह्यु-एन-त्संग.”

फ्राउ लिऊ विचारात पडली. “हे हॉटेल आहे का?”

शिरीषला हसू आवरेना. अण्णा पुढे वाकून थेट टीव्हीलाच समजवायला लागले, “मंक! बुद्धिस्ट मंक! केम टू इंडिया!”

“आऽ, श्वेन्-त्झांग!” फ्राउ लिऊने कपाळावर हात मारला. “गेनाऊ, गेनाऊ! बरोबर! श्वेन्-त्झांग!”

अण्णा मागे टेकले. “काय म्हणाली? श्वेन?”

“श्वेन्-त्झांग, अण्णा.”

“म्हणजे जन्मभर पोरांना मी माणसाचं नावच चुकीचं शिकवलं?”

“पुस्तकातच तसं होतं हो,” शिरीष म्हणाला. “आणि मला तर तुम्ही त्याच्यासाठी पट्टीही मारली होती. ‘त्सांग’ लिहिलं म्हणून.”

“ती पट्टी परत घेता येणार नाही,” अण्णा म्हणाले. “पण सॉरी.”

मी हे सगळं फ्राउ लिऊला सांगितलं. ती खूप हसली, मग म्हणाली, त्यानेही तुमच्या महाराष्ट्राला ‘मो-हो-ला-छा’ लिहून ठेवलंय, तेव्हा हिशेब सारखा. हे ऐकून अण्णांची कळी अशी खुलली की बस. त्यांनी लगेच मला वर्गातल्यासारखं सांगायला सुरुवात केली, “तिला म्हणावं, तो आमच्या लोकांबद्दल काय लिहितो माहितीये का? हे लोक उपकार विसरत नाहीत आणि अपमानही विसरत नाहीत.”

“त्यातलं दुसरं सुरेखा आत्याला बघूनच लिहिलं असणार,” शिरीष म्हणाला.

“तुझ्या आत्याबद्दल बोलू नकोस,” अण्णा म्हणाले, पण हसत होते.

फ्राउ लिऊ शहराच्या तटावर चढली. इतका रुंद तट मी जन्मात पाहिला नव्हता. वर सायकली चालल्या होत्या. ती दिशा आणि दरवाजे सांगत होती, मी मराठी करत होते, आणि करता करता माझ्या लक्षात आलं की मी तिने न सांगितलेलंही सांगतेय. “अण्णा, तटावर एक म्हातारं जोडपं दोघांच्या सायकलवर बसलंय. पुढे ती आहे. मागे तो नुसता बसलाय, पाय मारतच नाहीये. कंगोऱ्यांच्या मधून खाली गल्ल्या दिसतात. एका गच्चीवर रजया वाळत घातल्यात, लाल फुलांच्या.”

“लाल फुलांच्या,” अण्णा म्हणाले. “छान.”

“हो ना? कशा भडक आहेत,” मी म्हटलं. जणू आम्ही दोघं एकच बघत होतो.

मग ते त्यांच्या श्वेन्-त्झांगबद्दल बोलत राहिले. नालंदाच्या भिक्षूंनी त्याला किती आग्रह केला, इथेच राहा म्हणाले. पण तो राहिला नाही. “म्हणाला, तिकडे लोक माझी वाट...” अण्णा तिथे थांबले. साताऱ्याच्या फ्लॅटमध्ये आता त्यांची वाट बघणारं कुणी नाही. शिरीष उठला आणि काही कारण नसताना लांब मानेच्या दिव्याची मान जरा वळवून आला.

मी आणखी चहा टाकायला आत गेले. निधी फ्रिजला टेकून सफरचंद खात होती.

“इंग्रजीतून का नाही घेतलीस गं?” मी हळूच विचारलं. “आजोबांना थेट कळलं असतं. माझा घसा बसला.”

निधीला मराठी सगळं समजतं, बोलते मात्र जर्मनच. तिने सफरचंदाचा घास संपवला आणि जर्मनमध्ये म्हणाली, “मग तू काहीच सांगितलं नसतंस.”

“म्हणजे?”

“म्हणजे त्यांना काय दिसलं असतं?” एवढं बोलून ती बाहेर गेली.

चहा उतू गेला. मी ओटा पुसला. पुसण्यात माझा हात आता चांगलाच बसला होता.

बाहेर आले तर फ्राउ लिऊ एका गल्लीतल्या खाणावळीत बसली होती. समोर रिकामा वाडगा आणि जाड पोळीसारखी भाकर. ती भाकर दोन्ही हातांनी बारीक बारीक तोडून वाडग्यात टाकत होती, आणि आजूबाजूला सगळी माणसं तेच करत होती. इथे भाकर ज्याची त्याने कुस्करायची, मग आतून गरम रस्सा ओततात, असं ती म्हणाली. आणि तुकडे मोठे राहिले तर स्वयंपाकी वाडगा परत पाठवतो, गेल्?

“कसे करतेय ती तुकडे?” अण्णांनी विचारलं.

“बोटांच्या टोकांनी. हरभऱ्याएवढे. शेजारी एक जाडे गृहस्थ आहेत, त्यांनी मोठमोठे केलेत आणि इकडेतिकडे बघतायत कुणी पाहिलं का म्हणून.”

अण्णा मनापासून हसले. “आपण दुधात भाकरी कुस्करतो तसंच की. तुझ्या सासूबाईंना माझे तुकडे मोठे वाटायचे. मीच कुस्करते म्हणायच्या, द्या इकडे.” त्यांची बोटं मांडीवर कुस्करल्यासारखी हलत होती. मी बघत राहिले. गेल्या काही महिन्यांत त्यांनी किती गोष्टी अशा बोटांनी केल्या असतील, आणि मी कौतुकाने म्हणत राहिले, अण्णा कसे सावकाश जेवतात.

अण्णा असले की मी शिरीषला अहो म्हणते, एरवी नुसतं शिरीष. “अहो,” मी त्याच्याकडे वळून म्हटलं.

“काय?” तो म्हणाला. पण त्याने माझ्याकडे पाहिलं नाही.

“चहा घ्या.”

दुपार उतरताना, म्हणजे तिकडची, फ्राउ लिऊ त्या मोठ्या पॅगोडापाशी पोचली. विटांचा उंच मनोरा आणि समोर श्वेन्-त्झांगचा पुतळा, हातात काठी. त्याने आणलेल्या पोथ्यांसाठीच हा बांधला, ती म्हणाली. अण्णांनी हात जोडले. अगदी पुतळ्याच्या दिशेने, कारण मी सांगितलं होतं, “मधोमध आहे अण्णा, समोरच.”

मग ती आत शिरली आणि जिना चढायला लागली. जिना उभा होता. कठडा धरायला हात हवा म्हणून तिने फोन खिशात टाकला, तसं सांगूनही टाकला. मी नेमकी तेव्हा पाणी पीत होते, मराठी करायचं राहिलं. पडद्यावर मिट्ट काळोख. खिशातून नुसता तिचा आवाज येत होता, पावलं आणि धापा.

“वा!” अण्णा म्हणाले. “वा, वा! काय कोरीव काम आहे! शिरीष, ती डावीकडची मूर्ती बघ. चेहऱ्यावर काय शांतता आहे.”

मी पाण्याचं भांडं खाली ठेवलं. निधीने बापाकडे पाहिलं. मीही पाहिलं. शिरीष त्या काळ्या पडद्याकडे बघत होता. काचेत आम्ही चौघंच दिसत होतो, आणि ते सगळे दिवे.

“हो अण्णा,” शिरीष म्हणाला. त्याचा आवाज अगदी नीट आला. “सुंदर आहे.”

“पापा,” निधी म्हणाली. इतकंच.

अण्णा अजून मूर्तीबद्दल बोलत होते. कुठल्या काळातली असेल, अजिंठ्याशी तिचं नातं कसं. सगळं बरोबर असणार. त्यांनी ते जन्मभर शिकवलं होतं. मूर्ती तेवढी नव्हती.

फ्राउ लिऊ वर पोचली, फोन बाहेर काढला, आणि खिडकीतून अख्खं शहर पडद्यावर पसरलं. ती घामाघूम होऊन हसत म्हणाली, “माफ करा हं, इतका वेळ तुम्हाला माझ्या खिशाशिवाय काहीच दिसलं नसेल, गेल्?”

अण्णांनी माझ्याकडे तोंड केलं. “काय म्हणतेय?”

“म्हणतेय, जिने फार होते,” मी म्हटलं.

“दास हाट झी निश्ट गेझाक्ट,” निधी म्हणाली. तसं नाही म्हणाली ती.

“निधी काय म्हणाली?”

“काही नाही अण्णा. विचारतेय, तुम्हाला आणखी चहा हवा का.”

निधी उठून उभी राहिली. मला वाटलं, आता दार आपटून जाणार. पण ती जाऊन अण्णांच्या खुर्चीच्या हातावर बसली. अण्णांनी तिचा गुडघा थोपटला. फ्राउ लिऊ शहराच्या चारी दिशा दाखवत होती. मी मराठी करत होते. ते ऐकत होते की नाही कोण जाणे. मी रजया सांगितल्या नाहीत, सायकली सांगितल्या नाहीत. नुसतं जेवढं ती म्हणाली तेवढंच सांगितलं. मला माझ्याच आवाजाची लाज वाटायला लागली होती.

ती खाली उतरली. चौकात फरश्यांवर काही म्हातारे मोठाले ब्रश घेऊन उभे होते. ब्रश कसले, झाडूएवढे. बादलीतल्या पाण्यात बुडवायचे आणि फरशीवर अक्षरं काढायची. शाई नाही, रंग नाही, नुसतं पाणी. उन्हात ती वाळून जात होती आणि ते पुन्हा काढत होते. त्यातल्या एकाने फ्राउ लिऊला विचारलं, फोनमध्ये कोण आहे? तिने सांगितलं, जर्मनीत बसलेले एक हिंदुस्थानी आजोबा, श्वेन्-त्झांगचे भक्त. तो म्हातारा फोनच्या अगदी जवळ आला. दोन दात नव्हते. हात हलवून काही तरी बोलला आणि फरशीवर दोन अक्षरं काढली, एक डावीकडे, एक उजवीकडे.

“ही आजोबांसाठी,” फ्राउ लिऊ म्हणाली. “त्यांचं म्हणणं आहे, अर्थ विचारायचा नाही. आजोबांनी फक्त बघून सांगायचं, यातलं कुठलं जास्त चांगलं आलंय. ते यांचे परीक्षक. पण लवकर हं, ऊन आहे.”

मी हे जसंच्या तसं सांगितलं. दुसरं काही सुचलंच नाही.

म्हातारा कमरेवर हात ठेवून वाट बघत होता. डावीकडच्या अक्षराची एक कड वाळायला लागली होती.

“उजवीकडचं छान आहे ना, अण्णा?” शिरीष घाईने म्हणाला. “ठसठशीत आलंय. उजवीकडचं सांगू?”

“डावं जरा तिरकं आहे,” मी म्हटलं. “खाली लांब शेपटी आहे त्याला, आणि वर बघा, छपरासारखं...”

“थांब,” अण्णा म्हणाले.

मी थांबले. त्यांनी चष्मा काढला, मांडीवर ठेवला. ते टीव्हीकडे बघत नव्हते, माझ्याकडेही नाही. मान जराशी वळवून ते आमच्या सगळ्यांच्या कडेला कुठेतरी बघत होते. आता आठवतं, या खेपेला आल्यापासून ते असेच बघत होते.

“तो एवढा उन्हात उभा आहे, नीता. त्याला खोटं सांगायचं नाही,” ते म्हणाले. “त्या बाईंना सांग, आजोबांना दिसत नाही. मधोमध काहीच नाही, कडेकडेनं थोडं. साताऱ्याच्या डॉक्टरांनी सांगितलंय, सुधारायचं नाही. जसंच्या तसं सांग, गोड करू नकोस.”

फ्राउ लिऊ पडद्यावरून मला विचारत होती, काय म्हणाले, काय म्हणाले?

“आणि ते झालं की,” अण्णा म्हणाले, “शिरीषलाही सांग. मराठीत.”